मागच्या दाराने ग्रँडमास्टर? दिव्यावरून एकदाचं भांडूनच घेऊ

तिरका उंट:
काल इथे बुद्धिबळाच्या मंचावर 'घड्याळवाले काका' लिहून गेले: "दिव्या देशमुखला ग्रँडमास्टर म्हणायला जीभ रेटत नाही. एक नॉर्म नाही, रेटिंग २५००च्या खाली. मागच्या दाराने आली. ठिपसे-कुंट्यांनी टाचा झिजवल्या त्या कशासाठी?" त्यावर २७ अंगठे. (नवख्यांसाठी: नॉर्म म्हणजे किताबासाठी एखाद्या स्पर्धेत करून दाखवायची ठरावीक दर्जाची कामगिरी, रेटिंग म्हणजे खेळाची ताकद सांगणारा आकडा; ठिपसे-कुंटे म्हणजे आपले जुने ग्रँडमास्टर प्रवीण ठिपसे आणि अभिजित कुंटे.) रात्रभर डोक्यात घोळत होतं, म्हणून लिहितोय.

जुलै २०२५, जॉर्जियातलं बाटुमी, महिलांचा विश्वचषक. १०७ जणी, बाद पद्धत, एक मिनी-सामना हरला की बॅग भरायची. नागपूरच्या या पोरीचं मानांकन १५वं. तिने दुसरी मानांकित झू जिनर काढली, मग आपली हरिका, मग माजी विश्वविजेती तान झोंगयी. अंतिम फेरीत कोनेरू हंपी. पारंपरिक दोन्ही डाव बरोबरीत, मग जलद. जलद प्रकारात हंपी म्हणजे २०१९ आणि २०२४ची जगज्जेती! तिला तिच्याच अंगणात, दुसऱ्या जलद डावात काळी मोहरी घेऊन हरवलं. हे मागचं दार असेल तर काका, पुढचं कुठे आहे तेवढं दाखवा. आणि विश्वचषक जिंकणारीला थेट किताब हा फिडेचा, म्हणजे जागतिक बुद्धिबळ महासंघाचा नियम आहे, नागपूरकरांनी रातोरात घुसडलेला नाही.

घड्याळवाले काका:
मी तिच्या खेळावर अवाक्षर काढलेलं नाही, पुन्हा वाचा. माझं भांडण नियमाशी आहे. ग्रँडमास्टर म्हणजे तीन नॉर्म आणि २५००. ठिपसे १९९७मध्ये झाले, विश्वनाथन आनंद आणि दिब्येंदू बरुआंनंतर देशातले तिसरे. तेव्हा घरबसल्या चाली सांगणारं संगणकाचं इंजिन नव्हतं. चेन्नईच्या वैशालीचंही तसंच, २०२३च्या डिसेंबरात २५०० ओलांडले तेव्हा कुठे गाडं हललं. ती रांगेत उभी राहिली. रांगेतल्या माणसाला काय वाटतं ते रांगेत उभं राहिल्याशिवाय कळत नाही.

ताडोबा:
काऊन जळून राहिले काका? पोरगी पुण्याची असती ना, तर आतापर्यंत लक्ष्मी रोडवर ढोल-ताशे वाजले असते. आमच्या इकडची आहे म्हणून नॉर्म मोजून राहिले. संत्री आमची चालतात, ग्रँडमास्टर चालत नाही!

पर्वतीच्या पायथ्याशी:
आला विदर्भ. विषय नॉर्मचा, भूगोलाचा नाही. विदित गुजराथी नाशिकचा, २०२३ची ग्रँड स्विस ही मोठी स्पर्धा जिंकला तेव्हा आम्ही रात्री जागून बघितली, पेढेही आमच्याच खर्चाने वाटले. आणि सरकारने दिव्याला ३ कोटी दिले ते कुठल्या पुणेकराने अडवले?

ताडोबा:
पेढे चितळ्यांचेच असतील, दुपारी बंद असायचं ते दुकान, मिळाले कसे?

इंजिन +०.३:
पेढे राहू द्या. काकांचा मुद्दा मी जरा नीट मांडतो. महिलांच्या स्पर्धेत सरासरी रेटिंग कमी असतं, पण किताब मिळतो तो खुल्या गटाचा. २४६३ची खेळाडू त्या स्पर्धेतून ग्रँडमास्टर होते, आणि २४९०वर अडकलेला पोरगा नुसताच इंटरनॅशनल मास्टर राहतो. हे गणित बसत नाही. बाकी मुलगी जबरदस्त आहे, २०२४च्या बुडापेस्ट ऑलिंपियाडला तिसऱ्या पटावर ११ डावांत साडेनऊ गुण म्हणजे गंमत नव्हे.

चौसष्ट घरांची आई:
गणिताचं बोलता, तर बेरीज पूर्ण करा. १९७६मध्ये रोहिणी खाडिलकर पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरली तेव्हा केवढा गहजब झाला. वडील नीळकंठ खाडिलकर, 'नवाकाळ'चे, गप्प बसणारे नव्हते. प्रकरण न्यायालयात गेलं. शेवटी फिडेचे अध्यक्ष माक्स यूव यांना सांगावं लागलं की राष्ट्रीय स्पर्धेतून बाईला अडवता येणार नाही. आता पन्नास वर्षांनी बायका बायकांत खेळल्या तर "किताब हलका". आणि जानेवारी २०२४मध्ये याच दिव्याला लिहावं लागलं की नेदरलँड्सला वाइक आन झेच्या स्पर्धेत प्रेक्षक खेळाऐवजी कपडे, केस आणि उच्चारांवर बोलत होते. तिथेही गणितच चाललं होतं का?

आणखी एक. माझी लेक १४ वर्षांची. परदेशी स्पर्धेला तिला एकटी धाडत नाही, मी बरोबर. तिकीट दोन, व्हिसा दोन. मुलग्यांना चौघांत एक खोली जमते. तुमची ती रांग आमच्यासाठी दुप्पट दराची आहे.

घड्याळवाले काका:
खर्चाचं मला सांगू नका ताई. ऐका मग.

माझा मुलगा. सर्बियात नऊ फेऱ्यांची बंद, म्हणजे मोजक्या निमंत्रितांची स्पर्धा. तुम्हाला माहीतच आहे, नॉर्मला २६००ची कामगिरी हवी, समोर तीन तरी ग्रँडमास्टर हवेत, परदेशी खेळाडूंची अट वेगळीच. त्यासाठी तर तिकडे जायचं. भविष्यनिर्वाह निधीतून पैसे काढले होते, बायकोला आकडा अजून माहीत नाही. आठव्या फेरीनंतर नॉर्मला अर्धा गुण, म्हणजे एक बरोबरी हवी होती. सकाळी नाश्त्याला एक गृहस्थ आमच्या टेबलावर येऊन बसले. उकडलेलं अंडं सोलत विचारतात, "अर्धाच हवा ना?" आणि युरोचा आकडा सांगितला. मुलगा उठून गेला. मी बसून राहिलो. पाच मिनिटं बसलो असेन, खोटं कशाला बोलू. मग नाही म्हटलं. दुपारी तो हरला, ४१ चालींत. पुढे त्याने स्पर्धाच सोडल्या, आता लहान मुलांना शिकवतो.

आता सांगा, मला थेट किताब बघून त्रास होणार की नाही?

पर्वतीच्या पायथ्याशी:
काका, हे ठाऊक नव्हतं. मुलाला मानलं.

तिरका उंट:
मुलाला माझाही सलाम. पण काका, राग येईल तरी बोलतो. तुम्ही आमचीच बाजू मांडलीत. जो नॉर्म नाश्त्याच्या टेबलावर विकायला येतो तो पवित्र, आणि बाटुमीत एकीमागून एक जगज्जेत्या पाडून आलेला किताब बाटलेला? हंपीकडून अर्धा गुण कोणी विकत घेऊन दाखवावा.

घड्याळवाले काका:
लेकाच्या जखमेवर मुद्दे उभारायचे असतील तर खुशाल उभारा. शोभतं तुम्हाला. सगळे नॉर्म विकतचे, असं मी म्हटलेलं नाही. ठिपशांनी काय विकत घेतले?

तिरका उंट:
ठिपशांचं नाव मी घेतलेलंच नाही. पण 'लेकाच्या जखमेवर' हे लागलं. तसं लिहायला नको होतं. मुद्दा मागे घेत नाही, भाषा घेतो.

इंजिन +०.३:
बंद स्पर्धांतले नॉर्म बंद करा, फक्त मोठ्या खुल्या स्पर्धांतले धरा, हे मी कधीपासून सांगतोय. इथे कोणी वाचत नाही.

चौसष्ट घरांची आई:
वाचलं. मोठ्या खुल्या स्पर्धा आपल्याकडे वाढवा, तेवढाच माझा एक व्हिसा वाचेल. पण थेट किताबावर तुमचं २४९०चं रडगाणं चालूच राहणार ना?

इंजिन +०.३:
राहणार. मात्र त्या २४९०वाल्याला विश्वचषकाच्या अंतिम फेरीत हंपीसमोर बसवलं, तर पैज मी दिव्यावर लावेन. झालं समाधान?

ताडोबा:
स्क्रीनशॉट काढून ठेवला भाऊ.

घड्याळवाले काका:
मुलाला हा धागा पाठवला होता. सर्बियाचं लिहिलं म्हणून आधी चिडला. मग विचारतो, "बाबा, तो दुसरा जलद डाव तुम्ही बघितलात तरी का?" नाही बघितला. नुसता निकाल वाचला होता. रविवारी पट मांडून दाखवतो म्हणाला. चार वर्षांनी पट मांडतोय घरी.

२५०० होईपर्यंत मी मात्र 'ग्रँडमास्टर' कंसातच लिहिणार.

ताडोबा:
कंसात लिवा. पण शुद्ध लिवा, पुण्याचे लोक पाह्यतात.