किपचोगेचे यश केवळ उंच प्रदेशाचे नव्हे
केनियाच्या धावपटूंचे यश मुख्यतः उंच प्रदेशातील वास्तव्यामुळे आहे, हे मत मला अपुरे वाटते. केनियाचा मॅरेथॉनपटू इल्यूड किपचोगे तेथील ज्या काप्तागात येथे सराव करतो, ते ठिकाण समुद्रसपाटीपासून सुमारे २,४०० मीटर उंचीवर आहे आणि तेथील विरळ हवेत शरीर प्राणवायू वाहून नेणाऱ्या लाल रक्तपेशी अधिक तयार करते, हे खरेच. परंतु त्याच परिसरात असंख्य धावपटू राहतात आणि बर्लिनमध्ये २०२२ साली २ तास १ मिनिट ९ सेकंदांचा तेव्हाचा मॅरेथॉनचा विश्वविक्रम मात्र त्यानेच केला.

मोठ्या शर्यतीपूर्वी अनेक आठवडे तो दर आठवड्याला साधारण २०० किलोमीटर धावतो. त्यातले बरेचसे अंतर संथ गतीचे असते, कारण ट्रॅकवरील वेगवान टप्पे आणि लांब पल्ल्याची धाव यांसाठी पाय ताजे राहणे आवश्यक असते. हा संयम पाळणे वेगाने धावण्याइतकेच कठीण आहे, असे माझे स्पष्ट मत आहे. विश्वविजेता असूनही तो कुटुंबापासून दूर, साध्या शिबिरात राहून इतरांबरोबर साफसफाईची कामे करतो, याचे मला विशेष कौतुक वाटते.

शिवाय, २००३ साली पाच हजार मीटरचे विश्वविजेतेपद मिळवलेल्या या धावपटूला २०१२ च्या लंडन ऑलिंपिकसाठी संघात स्थान मिळाले नव्हते. त्यानंतर प्रशिक्षक पॅट्रिक सँग यांच्याच मार्गदर्शनाखाली तो मॅरेथॉनकडे वळला आणि पुढे रिओ व टोकियो या दोन्ही ऑलिंपिकमध्ये त्याने मॅरेथॉनचे सुवर्णपदक जिंकले.