मिरजेतल्या ज्येष्ठ सतारवादकांवर माहितीपट: आवाज चिरका येतोय

कृष्णाकाठ: वादक ८२ वर्षांचे आहेत. खोली १० बाय १२, फरशी, वर पत्रा. माइक घोडीसमोर (तारा जिच्यावर टेकतात ती पट्टी) अर्ध्या फुटावर ठेवलाय. चित्रात ट्यूबलाइटही लुकलुकते.

तरफ: माइक फार जवळ आहे. जवारीची, म्हणजे तार घोडीला घासून उठणाऱ्या झणकाराची, धार घोडीपाशी सर्वांत तीव्र असते. दीड-दोन फूट मागे घेऊन तबलीकडे (भोपळ्यावरची लाकडी पाटी) तिरका धरा, म्हणजे भोपळ्याची गोलाई ऐकू येईल. खाली सतरंजी, मागच्या भिंतीला जाड गोधडी. ध्वनिमुद्रण ४८ किलोहर्ट्झ, २४ बिटवर ठेवा. ‘झाला’ (वादनातला शेवटचा जलद भाग) सर्वांत जोरात वाजवायला सांगा आणि ध्वनिमुद्रणाची पातळी उणे १२ डेसिबलवर बांधा. पंखा बंद ठेवावाच लागेल, पण पत्र्याखाली खोली तापली की तारा उतरतात. दर तुकड्याआधी तरफा (मुख्य तारांखालच्या, आपोआप झंकारणाऱ्या बारीक तारा) तपासायला वेळ द्या.

कृष्णाकाठ: आणि लुकलुकणं?

उजेड: आपली वीज ५० हर्ट्झची. कॅमेरा त्याच्याशी जुळवा: सेकंदाला २५ फ्रेम, शटर १/५० सेकंद.

मिरजकर: वादन सकाळी घ्या, मुलाखत नंतर, या वयात बोलून दमल्यावर मींड (तार बाजूला ओढून एका सुरावरून दुसऱ्यावर सरकणं) खेचायला बोटांत जोर उरत नाही. आलाप मध्ये थांबवू नका, कृपा करून. डाव्या तर्जनीवरची तारेची काळी खाच मात्र अगदी जवळून टिपा. शेवटच्या सुरानंतर ३० सेकंद कुणीही हलायचं नाही, संकलनात ती शांतता लागते.