उत्तरेचा सामान्य शिपाई गुलामगिरी संपवण्यासाठी लढला, असे म्हणता येईल का?

मुळाकाठचा

जोतीराव फुले यांनी १८७३ साली ‘गुलामगिरी’ प्रसिद्ध केली, तेव्हा ती त्यांनी अमेरिकेतल्या सदाचारी लोकांना अर्पण केली. गुलामांना दास्यातून सोडवताना त्या लोकांनी जी निरपेक्षता दाखवली तिचा त्यांना गौरव करायचा होता. या अर्पणपत्रिकेचा विषय निघाला की कोणीतरी हमखास म्हणते की जोतीरावांना लांबून सगळे सोज्वळ दिसले, प्रत्यक्षात अमेरिकेच्या यादवी युद्धात (१८६१-६५), म्हणजे गुलामगिरी राखणारी दक्षिणेची राज्ये देशातून फुटली तेव्हाच्या युद्धात, उत्तरेचे शिपाई देश अखंड राखण्यासाठी आणि पगारासाठी लढत होते, गुलामांचे त्यांना सोयरसुतक नव्हते. १८६१ पुरते हे बरोबर आहे. १८६४ ला ते लागू पडत नाही, आणि मधल्या तीन वर्षांत त्या शिपायांनी मोहिमांवर काय भोगले आणि काय पाहिले हे ध्यानात घेतल्याशिवाय या प्रश्नाचे उत्तर देता येणार नाही, असे माझे मत आहे.

त्यांच्या सेवेचे बहुतेक दिवस लढाईत गेलेच नाहीत. ते गेले चालण्यात, कवायतीत, खंदक खणण्यात आणि आजारपणात. दोन्ही बाजूंचे मिळून परंपरेने जे सुमारे ६ लाख २० हजार मृत्यू मानले जातात, त्यांपैकी जवळजवळ दोन तृतीयांश रोगराईचे आहेत. एकाकी शेतांवर वाढलेल्या मुलांना लहानपणी गोवर झालेला नसे. तो छावणीत पहिल्या काही आठवड्यांत गाठी, आणि त्यातून वाचलेल्यांना हगवण, विषमज्वर आणि मिसिसिपीच्या खोऱ्यात हिवताप यांच्याशी सामना असे. शिधा म्हणजे खारवलेले डुकराचे मांस, कॉफी आणि बंदुकीच्या दस्त्याने फोडावी लागणारी कडक बिस्किटे. पगार महिना १३ डॉलर, तोही कित्येकदा महिनोन्‌महिने थकलेला. तीन वर्षांची मुदत संपत आल्यावर अशा माणसाने सरळ घरी निघून जावे, हेच स्वाभाविक होते. तरीही १८६३-६४ च्या हिवाळ्यात सुमारे १ लाख ३६ हजार जुन्या शिपायांनी पुन्हा नाव नोंदवले. त्यानंतरच्या मे-जून महिन्यांत व्हर्जिनियात उत्तरेचा सरसेनापती ग्रँट याच्या मोहिमेने अवघ्या सहा-सात आठवड्यांत त्याची सुमारे ५५ हजार माणसे मृत, जखमी किंवा बेपत्ता केली.

मधल्या काळात घडले ते एवढेच की सैन्य दक्षिणेत शिरले. मे १८६१ मध्ये व्हर्जिनियातल्या फोर्ट मन्रोपाशी तीन गुलाम पळून आले, तेव्हा तिथल्या उत्तरेच्या जनरल बटलरने त्यांना परत पाठवण्याचे नाकारले. त्याचा युक्तिवाद असा की हे शत्रूच्या युद्धोपयोगी मालात मोडतात. तो हिशेब होता, दया नव्हती. पण त्यानंतर प्रत्येक तळावर असे लोक येऊ लागले. ते तटबंदी खणत, स्वयंपाक करत, नदीला उतार कुठे आहे आणि शत्रूचे घोडदळ काल कोणत्या रस्त्याने गेले हे सांगत. दक्षिणेच्या तुरुंगांतून निसटलेल्या उत्तरेच्या कैद्यांना त्यांनी आपल्या झोपड्यांत लपवले. ज्या मुलाने ओहायोत कधी गुलाम पाहिला नव्हता, त्याने आता चाबकाचे वळ उठलेल्या पाठी पाहिल्या. शिवाय शत्रूचा मका कोण पिकवतो आणि त्याचे कोट कोण बांधतो, हेही पाहिले.

नोव्हेंबर १८६४ च्या अध्यक्षपदाच्या निवडणुकीत शिपायांची जी मते वेगळी मोजली गेली, त्यांतली सुमारे ७८ टक्के तत्कालीन अध्यक्ष लिंकनला पडली. एकूण मतदारांत हे प्रमाण ५५ टक्के होते. समोर उभा होता मॅक्लेलन, म्हणजे त्यांच्यातल्या अनेकांचा एकेकाळचा लाडका सेनापती, आणि त्याच्या पक्षाच्या जाहीरनाम्यात युद्ध थांबवण्याची मागणी होती. लिंकनच्या जाहीरनाम्यात गुलामगिरी संपवणारी घटनादुरुस्ती होती. घरी जाण्याचा मार्ग समोर असताना या लोकांनी तो नाकारला, याचा अर्थ टीकाकारांनी सांगावा.

नर्मदेतला गोटा

अर्थ सांगतो. पुन्हा नाव नोंदवणाऱ्याला सरकार ४०० डॉलर देत होते, म्हणजे अडीच वर्षांचा पगार, आणि वर किमान ३० दिवसांची रजा. पलटणीतल्या तीन चतुर्थांश लोकांनी होकार दिला तर पलटणीचे नाव आणि निशाण कायम राहणार होते, त्यामुळे काचकूच करणाऱ्यावर सोबत्यांचा दबाव किती असेल याची कल्पना करावी. तीन वर्षांत घर न पाहिलेल्या माणसाला महिनाभराची रजा दाखवली, तर तो कोणत्याही कागदावर सही करील. ज्यांनी सही केली नाही ते सुमारे १ लाख लोक तुमच्या हिशेबात कुठे आहेत?

मतदानाचेही तेच. विरोधी मताचे कित्येक लोक तोवर पळून गेलेले, मुदत संपवून घरी गेलेले किंवा वरिष्ठांसमोर गप्प बसलेले होते. जानेवारी १८६३ मध्ये लिंकनची गुलाममुक्तीची घोषणा अमलात आली, तेव्हा इलिनॉयच्या दक्षिण भागातली १०९ वी पलटण इतकी बिथरली की तिची हत्यारे काढून घेऊन ती मोडीतच काढावी लागली. त्याच वर्षी जुलैत सक्तीच्या भरतीवरून न्यूयॉर्कमध्ये दंगल उसळली, ३०० डॉलर भरणाऱ्या श्रीमंताला सूट होती म्हणून. आणि दंगलखोरांनी हाल करून मारले कोणाला, तर कृष्णवर्णीयांना. पुढे दंगल करणाऱ्या त्याच गोऱ्या समाजातून माणसे भरती होत राहिली. दक्षिणेच्या अँडरसनव्हिलच्या तुरुंगात उत्तरेच्या सुमारे ४५ हजार कैद्यांपैकी १३ हजारांच्या आसपास मेले. दक्षिण सरकार कृष्णवर्णीय शिपायांना युद्धकैदी मानायला तयार नव्हते, म्हणून लिंकनने कैद्यांची अदलाबदल थांबवली. त्या कुंपणाआड सडणाऱ्या अनेक गोऱ्या कैद्यांनी याबद्दल लिंकनलाच दोष दिला.

आणि एबेनेझर ओढ्याबद्दल तुम्ही काहीच लिहिलेले नाही. मोहिमेने माणसे घडतात, असा सिद्धान्त मांडायचा तर ती मोहीम पूर्ण सांगावी.

दूरदेशी

मी जॉर्जियात राहतो, म्हणून एबेनेझरची हकिगत इथे मांडतो. १५ नोव्हेंबर १८६४ ला उत्तरेचा सेनापती शर्मन सुमारे ६२ हजार माणसे घेऊन अटलांटाहून समुद्राकडे निघाला. रसदेची वाट मागे तोडलेली, त्यामुळे शिपाई रोज गावे पिंजून धान्य, डुकरे, रताळी गोळा करत, आणि रेल्वेचे रूळ तापवून झाडांभोवती पिळत. मिलेजव्हिलपाशी अँडरसनव्हिलमधून निसटलेले काही कैदी त्यांना येऊन मिळाले; त्यांची हाडांची मोळी झालेली शरीरे पाहून सैन्यात किती संताप उसळला हे अनेकांनी लिहून ठेवले आहे. फौजेच्या मागे हजारो मुक्त झालेले लोक बायकामुलांसह चालत होते.

९ डिसेंबरला शर्मनच्या फौजेतल्या चौदाव्या कोअरचा (सैन्यविभागाचा) सेनापती जेफरसन सी. डेव्हिस (दक्षिणेच्या अध्यक्षाचा केवळ नामबंधू) सव्हानाच्या अलीकडे एबेनेझर ओढ्यापाशी पोहोचला. त्याने तरंगता पूल टाकला, पुढे धोका आहे असे सांगून या लोकांना थांबवून ठेवले, सैन्य पार झाल्यावर पूल काढून घेतला. मागून दक्षिणेच्या व्हीलरचे घोडदळ येत होते. लोकांनी गारठलेल्या, फुगलेल्या पाण्यात उड्या टाकल्या. कित्येक बुडाले आणि मागे राहिलेल्यांपैकी अनेक पुन्हा मालकांच्या हाती गेले.

एवढ्यावर गोटा यांचे म्हणणे सिद्ध झाल्यासारखे वाटते, परंतु पलीकडच्या काठावरच्या शिपायांनी ओंडके आणि लाकडे पाण्यात लोटून बुडणाऱ्यांना आधार देण्याचा प्रयत्न केला, हेही त्याच साक्षींत आहे. इलिनॉयचा मेजर जेम्स कॉनली याने संतापून निषेधाचे पत्र लिहिले. प्रकरण वॉशिंग्टनला पोहोचले, युद्धमंत्री स्टँटन स्वतः सव्हानाला आला आणि १२ जानेवारी १८६५ ला शर्मनसह वीस कृष्णवर्णीय धर्मोपदेशकांशी बोलला. त्यांनी जमीन मागितली. चारच दिवसांनी किनारपट्टीची जमीन मुक्त कुटुंबांना प्रत्येकी ४० एकरांपर्यंत देण्याचा शर्मनचा हुकूम निघाला. ओढ्यापाशी घटनेचा फलक मात्र २०१० मध्ये लागला.

सुमेधा_व

शिपायांच्या पत्रांवर त्या काळी लष्करी तपासणी नव्हती आणि उत्तरेच्या गोऱ्या शिपायांतले बहुसंख्य साक्षर होते. त्यामुळे मोठेपणा न करता लिहिलेली अशी पत्रे हजारोंनी उपलब्ध आहेत. त्यांत ‘काळ्यांसाठी मरायला मी आलो नाही’ या अर्थाची वाक्ये आहेत, आणि त्याच माणसाने वर्षभराने ‘ही व्यवस्था मोडल्याखेरीज युद्ध संपणार नाही’ असे लिहिल्याचीही उदाहरणे आहेत. आकड्यांवरून हेतू काढण्यापेक्षा मला हा पुरावा जास्त महत्त्वाचा वाटतो.

कोकणकडा

वरच्या सगळ्या प्रतिसादांत ‘शिपाई’ म्हणजे गोरा शिपाई, असे गृहीत धरले आहे. उत्तरेच्या भूसेनेत सुमारे १ लाख ७९ हजार कृष्णवर्णीय शिपाई होते आणि त्यांतले कितीतरी स्वतः गुलामीतून सुटून आलेले होते. ते कशासाठी लढले, हा प्रश्न कोणी विचारणार आहे का? त्यांच्या अनुभवाशेजारी ठेवले की या चर्चेतला निरपेक्षतेचा शोध जरा चैनीचा वाटू लागतो.

गोऱ्या शिपायाला १३ डॉलर मिळत तेव्हा यांना १० मिळत, त्यातून कपड्यांचे ३ कापून घेतले जात. मॅसॅच्युसेट्सच्या ५४ व्या कृष्णवर्णीय पलटणीने हा अपुरा पगार दीड वर्ष हातात घेतलाच नाही, आणि त्याच अवस्थेत जुलै १८६३ मध्ये दक्षिणेच्या फोर्ट वॅग्नर किल्ल्याच्या तटावर चालून गेली. साउथ कॅरोलायनाच्या तिसऱ्या पलटणीतला सार्जंट विल्यम वॉकर याने आपल्या लोकांना हत्यारे खाली ठेवायला सांगितली. सरकारने करार मोडला तर आपणही बांधील नाही, असे त्याचे साधे म्हणणे होते. बंडाच्या आरोपावरून २९ फेब्रुवारी १८६४ ला त्याला गोळ्या घालण्यात आल्या. समान पगाराचा कायदा अमेरिकेच्या काँग्रेसने (संसदेने) त्याच वर्षी जूनमध्ये केला. पकडले गेल्यावर काय होते ते एप्रिलमध्ये फोर्ट पिलोला दिसले होते. शरण आलेल्या कृष्णवर्णीय शिपायांची तिथे कत्तल झाली.

मुळाकाठचा यांचे म्हणणे मला अर्धे मान्य आहे. गोऱ्या शिपायाचे मत बदलले असेल, तर त्यात शेजारच्या खंदकात लढणाऱ्या या माणसांचा वाटा मोठा आहे. नुसत्या दक्षिणदर्शनाने ते झाले नसते.

मुळाकाठचा

गोटा यांनी ४०० डॉलरचा मुद्दा मांडला, तो वजनदार आहे. पण रोख रक्कम आणि खात्री एकाच माणसात नांदू शकत नाहीत, असे आपण का मानतो? पानिपतावर गेलेला शिलेदारही तनखा घेतच होता. पैशाने सही मिळते; मे १८६४ मध्ये रोज नव्या खंदकावर चालून जाणे केवळ पैशाने मिळत नाही, कारण ज्यांना पळायचे होते त्यांना पळण्याच्या वाटा होत्या आणि लोक पळतही होते. राहिलेल्यांबद्दल आपण बोलत आहोत.

गुलामगिरीचा तिटकारा आणि गुलामाबद्दलची आपुलकी या वेगळ्या गोष्टी आहेत, हे एबेनेझरवरून उघड होते. यातली पहिली गोष्ट त्या शिपायांत मोहिमेने आणली, एवढाच माझा दावा आहे.

नर्मदेतला गोटा

मग जोतीरावांची ‘निरपेक्षता’ गेलीच की हो. शत्रूला दुबळे करायचे म्हणून केलेल्या मुक्तीला रणनीती म्हणतात.

दूरदेशी यांनी कॉनलीचे पत्र सांगितले. कॉनली मेजर होता, साधा शिपाई नव्हे, आणि डेव्हिसला काहीही शिक्षा झाली नाही. शर्मनने त्याची पाठराखणच केली. जमिनीच्या हुकुमाचे पुढे काय झाले तेही सांगावे. लिंकननंतरचा अध्यक्ष जॉन्सन याने त्याच वर्षी त्या जमिनी जुन्या मालकांना परत द्यायला लावल्या, आणि हे ऐकवायला ऑक्टोबरमध्ये एडिस्टो बेटावर गेला जनरल हॉवर्ड, म्हणजे याच मोहिमेत शर्मनची उजवी फळी चालवणारा सेनापती. (मुंबईत त्या वर्षी शोक चालला होता तो युद्ध संपून कापसाचे भाव कोसळल्याचा, तो भाग वेगळा.)

मुळाकाठचा

हॉवर्ड गुलामगिरीचा कट्टर विरोधक होता आणि एडिस्टोवरचे काम त्याला मनाविरुद्ध करावे लागले. तो निर्णय अध्यक्षाचा होता. त्याचे खापर १८६४ मध्ये मत टाकणाऱ्या शिपायावर फोडता येणार नाही, कारण त्याने निवडून दिलेला माणूस एप्रिल १८६५ मध्ये मारला गेला होता, आणि ऑक्टोबर उजाडेपर्यंत त्यांतले बहुतेक शिपाई गणवेश उतरवून आपापल्या शेतांवर परतले होते. जोतीरावांना त्यांच्यात निरपेक्षता दिसली, ती युद्ध सुरू झाले त्या दिवसाची नव्हती हे मान्य. पण गुलामगिरी संपवणारी तेरावी घटनादुरुस्ती डिसेंबर १८६५ मध्ये अमलात आली आणि ती या लोकांनी युद्ध शेवटपर्यंत रेटल्याशिवाय येऊ शकत नव्हती. गोटा यांनी आता हे सांगावे, की मॅक्लेलन निवडून आला असता तर ती कोणत्या वर्षी आली असती?