अजिंठ्याचे रंग : पानाफुलांचे की दगडामातीचे?

अजिंठ्याच्या लेण्यांतल्या भिंतीवरच्या चित्रांना अनेकदा ‘फ्रेस्को’ म्हटले जाते आणि त्यांचे रंग पानाफुलांपासून केल्याचेही लिहिले जाते. दोन्ही समजांत दुरुस्ती हवी. फ्रेस्कोत रंग ओल्या चुन्यात मुरतो. अजिंठ्यात मात्र छिन्नीचे घाव तसेच ठेवलेल्या खडबडीत कातळावर माती, भाताचे तूस आणि गवताचे तंतू मिसळून गिलावा केला, त्यावर चुन्याचा पातळ हात दिला आणि तो वाळल्यावर सरसासारख्या चिकट द्रव्यात कालवलेले रंग लावले. जिथे पोपडा उडाला आहे, तिथे गिलाव्यातले तूस आजही नुसत्या डोळ्यांनी दिसते.

रंग बहुतेक खनिज आहेत : तांबडी व पिवळी काव (म्हणजे रंगीत माती), पांढऱ्यासाठी चुना, काळ्यासाठी काजळी. हिरवा तर आपल्याच मराठवाड्याच्या काळ्या दगडातला; विहीर खणताना फुटलेल्या दगडाच्या पोकळीत जो मऊ हिरवट थर आढळतो, त्याच जातीचा. निळा तेवढा परका, कारण लाजवर्द हा दगड बदख्शानहून, म्हणजे आजच्या अफगाणिस्तानातून येई; तो वाकाटक राजघराण्याच्या काळातल्या लेण्यांत, म्हणजे पाचव्या शतकात, ठळकपणे दिसतो आणि त्यामागे व्यापारी मार्ग उभा असतो.

एक खंत नोंदवतो. रंग उजळ दिसावेत म्हणून पुढे चित्रांवर व्हार्निश चढवले गेले, ते पिवळे पडले, आणि ब्रिटिश लष्करी अधिकारी व चित्रकार रॉबर्ट गिल यांनी वर्षानुवर्षे खपून केलेल्या या चित्रांच्या बहुतेक प्रतिकृती 1866 मध्ये लंडनच्या क्रिस्टल पॅलेस या प्रदर्शनगृहाच्या आगीत जळाल्या.