अरबांविरुद्धचा दावा अरबीतच का मांडला गेला? शुऊबिया वादाविषयी चर्चा

सार्थवाह (धागाकर्ता):

इसवी सनाच्या ८व्या आणि ९व्या शतकांत बसरा आणि बगदाद या शहरांतील लेखकांमध्ये एक दीर्घ वाद चालला. अरब नसलेल्या, मुख्यतः इराणी वंशाच्या मुसलमानांचे म्हणणे असे होते की, इस्लाम स्वीकारल्यावर सर्व लोकसमूह समान ठरतात, आणि अरबांना केवळ जन्मामुळे मिळणारे वरचे स्थान धर्माला धरून नाही. कुराणाच्या ४९व्या सुरेतील १३व्या आयतीत मानवांचे ‘शुऊब’ (लोकसमूह) आणि ‘कबाइल’ (टोळ्या) केले ते त्यांनी एकमेकांना ओळखावे म्हणून, असे वचन आहे. त्यावरून या पक्षाला ‘शुऊबिया’ हे नाव मिळाले. त्यांच्यातील काही जण आणखी पुढे गेले. इराणात साम्राज्य आणि दरबारी रीतिरिवाज नांदत होते तेव्हा अरब वाळवंटात उंट हाकत होते, असे ते उघडपणे लिहू लागले.

या वादाकडे इराणी राष्ट्रवादाचे बंड म्हणून पाहण्याची सवय आहे. मला ती चुकीची वाटते, कारण हा सारा वाद अरबीत झाला. बश्शार इब्न बुर्द या अंध कवीने आपल्या इराणी पूर्वजांचा अभिमान मिरवला तो अरबी छंदांत, आणि अरबी कवितेला नवे वळण देणाऱ्यांत त्याचीच गणना होते. अरबी व्याकरणाचा पाया घालणारा सीबवैह स्वतः इराणी होता. उलट, अरबांच्या श्रेष्ठत्वाची बाजू ग्रंथ लिहून मांडणारा इब्न कुतैबा (८२८–८८९) हा इराणी वंशाचाच. म्हणजे वादाची रेषा रक्तावरून आखलेली नव्हती. अरबी ही तोवर एकट्या अरबांची मालमत्ता राहिली नव्हती, आणि ज्याच्याविरुद्ध तक्रार करायची त्याच्याच भाषेत ती त्याच्याहून सरसपणे करता येत होती. मध्ययुगीन मुस्लिम समाजाची ही फार मोठी कमाई आहे, असे माझे मत आहे.

अभिलेख:

आपल्या निष्कर्षाशी मी सहमत नाही. भाषा निवडण्याचे स्वातंत्र्य असेल तरच तिच्या वापराला मोकळेपणाचा पुरावा मानता येईल. उमय्या खलिफा अब्द अल-मलिक याच्या काळात, ६९७च्या सुमारास, इराकमधील महसुली दप्तर पहलवीतून, म्हणजे इराणच्या जुन्या भाषेतून, अरबीत नेले गेले. त्यानंतर ज्याला कारकुनी करून पोट भरायचे होते, त्या इराणी माणसाला अरबी शिकण्यावाचून गत्यंतर नव्हते. नवमुस्लिमांना एखाद्या अरब टोळीचे आश्रित, म्हणजे ‘मवाली’, म्हणून राहावे लागे (या शब्दाचा आजचा मराठी अर्थ येथे मनात आणू नये), आणि त्यांच्या मनातील सल याच व्यवस्थेतून आला होता.

शिवाय या मोकळेपणाची किंमत कोणी मोजली, हेही पाहावे. ‘कलीला व दिम्ना’, म्हणजे पंचतंत्राचा पहलवी अनुवाद, अरबीत आणणारा इराणी वंशाचा इब्न अल-मुकफ्फा ७५०च्या दशकात मारला गेला. बश्शारवर पाखंडाचा आरोप ठेवला गेला आणि खलिफा महदीच्या कारकिर्दीत तो फटक्यांच्या माराने मेला. सर्वांत महत्त्वाची गोष्ट अशी की, शुऊबी लेखकांचे ग्रंथ जवळजवळ सगळे नष्ट झाले आहेत. त्यांची मते आपल्याला कळतात ती बव्हंशी जाहिझ आणि इब्न कुतैबा या त्यांच्या विरोधकांच्या लेखनातून. एका पक्षाचे कागद जळून गेल्यावर उरलेल्या दप्तराला आपण संवाद म्हणत आहोत.

सार्थवाह:

शेवटचा मुद्दा मला मान्य आहे, आणि मूळ लेखात तो यायला हवा होता. मात्र इब्न अल-मुकफ्फाचा मृत्यू अनुवादामुळे झाला, असे सूचित करणे योग्य नाही. खलिफा मन्सूरच्या बंडखोर काकासाठी त्याने अभयपत्राचा मसुदा अतिशय कडक शब्दांत लिहिला होता, आणि तो प्रसंग त्याच्या जिवावर बेतला, असे परंपरा सांगते.

त्याच्या ग्रंथाचे पुढे काय झाले, तेही पाहावे. पंचतंत्राचा तो पहलवी अनुवाद इराणचा सासानी राजा पहिला खुस्रो (५३१–५७९) याच्या काळात बुर्झोय या वैद्याने केला. तो आज उपलब्ध नाही. अरबी ग्रंथ मात्र टिकला, आणि त्यावरून ग्रीक, हिब्रू व १२५१मध्ये कास्टिलियन असे अनुवाद झाले. १२व्या शतकात नसरुल्ला मुन्शीने तो फारसीत आणला, तोही अरबीवरूनच. इराणचे हरवलेले पुस्तक इराणला अरबीने परत केले.

दुभाषी:

अनुवाद हे माझे रोजचे काम असल्यामुळे मला येथे वेगळा प्रश्न पडतो. परत मिळालेले पुस्तक तेच होते का? पंचतंत्राच्या ‘मित्रभेदा’त संजीवक बैलाचा बळी घेऊन दमनक कोल्हा शेवटी पिंगलक सिंहाचा मंत्री होतो, राजनीती शिकवणाऱ्या ग्रंथाला त्यात काही खटकत नाही. अरबीत करटक आणि दमनक यांचे कलीला आणि दिम्ना झाले, आणि दिम्नाची चौकशी करून त्याला मृत्यूपर्यंत नेणारे एक संपूर्ण नवे प्रकरण जोडले गेले. ते इब्न अल-मुकफ्फाचेच असावे, असे बहुतेक अभ्यासक मानतात. अन्यायाला शासन झालेच पाहिजे, असे वाटणाऱ्या वाचकासाठी ही कथा घडवली गेली.

याविषयी तक्रार त्याच परंपरेतून आली, हे मला मोलाचे वाटते. अल-बिरुनी या पंडिताने भारतावरील आपल्या अरबी ग्रंथात (सुमारे १०३०) पंचतंत्राचा पुन्हा अनुवाद करता आला असता तर बरे झाले असते, अशी इच्छा व्यक्त केली आहे. बुर्झोयविषयीचे प्रकरण इब्न अल-मुकफ्फाने दुबळ्या श्रद्धेच्या लोकांच्या मनात संशय पेरण्यासाठी घातले, आणि एका ठिकाणी ज्याने भर घातली तो अनुवादातही विश्वासार्ह नसणार, असा त्याचा आक्षेप होता. जाहिझने तर त्याच्याही आधी लिहून ठेवले की कवितेचे भाषांतर होऊच शकत नाही, कारण वृत्त मोडले की तिचे सौंदर्य जाते. पुढे मत्ता इब्न यूनुस या ख्रिस्ती पंडिताने ॲरिस्टॉटलचे काव्यशास्त्र सिरियाकवरून अरबीत आणले, तेव्हा शोकांतिकेला ‘स्तुतिकाव्य’ आणि सुखात्मिकेला ‘निंदाकाव्य’ म्हटले. समोर नाटकाची परंपराच नसताना त्याने तरी काय करावे? ग्रीकांचे वैद्यक आणि तर्क बगदादने आपलेसे केले. त्यांची नाटके मात्र दाराबाहेरच राहिली.

अभिलेख:

याच मत्ताला १०व्या शतकात वजिरासमोर झालेल्या वादात सीराफी या व्याकरणकाराने विचारले होते की, ज्या ग्रीक भाषेतील तर्काची तू थोरवी सांगतोस ती भाषा तुला येते का. तर्कशास्त्र म्हणजे ग्रीकांच्या भाषेचे व्याकरण आहे, ते अरबांवर का लादता, असा त्याचा रोख होता. सभा सीराफीच्या बाजूने झाली.

सार्थवाह:

आणि हा वाद तौहीदी या अरबी गद्यलेखकाने आपल्या ग्रंथात सविस्तर लिहून ठेवला, म्हणून मत्ताचे म्हणणेही आपल्यापर्यंत पोहोचले. त्याच ग्रंथात एक आठवण आहे. सर्वांत बुद्धिमान लोकसमूह कोणता, असे इब्न अल-मुकफ्फाने बसऱ्यातील मंडळींना विचारले. त्याला बरे वाटावे म्हणून सर्वांनी ‘इराणी’ असे उत्तर दिले. ते त्याने नाकारले, मग सुचवलेली इतर नावेही नाकारली, आणि शेवटी ‘अरब’ असे सांगितले.

अभिलेख:

तौहीदी हे इब्न अल-मुकफ्फाच्या मृत्यूनंतर दोनशेहून अधिक वर्षांनी लिहीत आहे. तोपर्यंत अरबांच्या बुद्धीला दाखला हवा होता, आणि तो एका इराण्याच्या तोंडूनच हवा होता. अरब साक्षीदार त्या कथेत का पुरला नसता, याचे उत्तर आपल्या मूळ लेखात मला सापडत नाही.

दुभाषी:

कारण एव्हाना अरबी गद्याचा सर्वांत मोठा साक्षीदार इब्न अल-मुकफ्फाच मानला जात होता. त्याच्या नावावर काहीही खपवता येत असे, आणि त्याच नावावर अल-बिरुनीचा विश्वास बसत नव्हता.