मदत हवी आहे : घटस्फोटाची केस पुण्याहून सांगलीला आणायची आहे

नमस्कार मंडळी. धाकट्या बहिणीसाठी विचारतोय. पाहुण्यांनी, म्हणजे तिच्या नवऱ्यानं (आता पाहुणे म्हणायला जीभ रेटत नाही, पण असो) पुण्याच्या कौटुंबिक न्यायालयात घटस्फोटाचा अर्ज टाकलाय. बहीण लहान लेकराला घेऊन आमच्याकडं तासगावला आहे. तिची पोटगीची केस सांगलीत चालू आहे. दर तारखेला पहाटेची एसटी, दिवसभर ताटकळायचं, आणि हातात काय तर पुढची तारीख. आईचे गुडघे गेलेत, मी शिफ्टला. सोबत जाणार कोण?

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम २४ खाली हायकोर्टात बदली अर्ज करता येतो, इथवर समजलं. अडलंय पुढं. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच (मुंबईबाहेर बसणारं खंडपीठ) झालंय आणि सांगली त्यात येते. पण केस पुण्यातली, आणि पुणे मुंबईकडं. मग अर्ज नेमका कुठं? एक वकील कोल्हापूर म्हणतात, दुसरे मुंबई. नुकताच असा अर्ज कुणी केला असेल तर कुठं दाखल करून घेतला, तेवढं सांगा.

समोरचे वकील म्हणतात, व्हीसीवरून (व्हिडिओ कॉलवरून) हजर राहा, बदली कशाला? हायकोर्ट हे कितपत ऐकतं? साधी तारीख ठीक, पण उलटतपासणी मोबाईलवर द्यायची हे मला तरी पटत नाही. शिवाय बदली अर्जाचा निकाल लागेपर्यंत पुण्यातल्या केसला स्थगिती मिळते का?

'मिटवून टाका' हा सल्ला कृपया नको, बैठका सगळ्या झाल्यात.