यादीतून नाव काढलं तर दाद मतदानाआधी मिळावी की निकालानंतर?

बांधावरचा
मागच्या निवडणुकीत आमच्या साखर कारखान्याच्या तात्पुरत्या मतदारयादीतून गावातली बरीच नावं गेली, त्यात माझंही. कारण काय, तर 'अक्रियाशील'. पाच वर्षांत एकाही सभेला हजेरी नाही आणि पोटनियमाप्रमाणे ऊस नाही. सभेला मी गेलो होतो. 'मंजूर, मंजूर' करत दहा मिनिटांत सभा गुंडाळली, हजेरीपुस्तक मागच्या रांगेपर्यंत आलंच नाही. उसाचं म्हणाल तर दोन हंगाम तोडच मिळाली नाही. ऊस वाळायला लागला, शेवटी दुसऱ्या कारखान्याला घातला. तोडीचा कार्यक्रम ठरवणार संचालक मंडळ, यादी देणार त्यांचाच कार्यकारी संचालक. हरकत घेतली, ती फेटाळली. हायकोर्टात गेलो तर आधी निवडणूक होऊ द्या म्हणाले. मताचा वाद मतदानाआधीच मिटला पाहिजे. त्यासाठी निवडणूक महिनाभर लांबली तरी चालेल.

काळाकोट
तुमच्यावर अन्याय झाला असेल, तरी उपाय चुकीचा आहे. २००१ साली संत सद्गुरू जनार्दन स्वामी दूध उत्पादक संस्थेच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टाने हा प्रश्न सोडवलाय. मतदारयादी हा निवडणूक प्रक्रियेचाच टप्पा आहे, आणि प्रक्रिया सुरू झाल्यावर यादीत नियमभंग झाल्याचा आरोप असला तरी हायकोर्टाने ती थांबवू नये. निकालानंतर दोन महिन्यांत राज्याच्या सहकार कायद्याच्या कलम ९१ खाली सहकार न्यायालयात दावा लावता येतो.

आणि स्टे महिनाभराचा कधीच नसतो. एका नावासाठी दिला की दुसऱ्या दिवशी दहा याचिका येतात. तेवढे दिवस प्रशासक नाहीतर मुदत संपलेलं मंडळ कारभार बघतं. यादीचा वाद घेऊन येणाऱ्यांत पडायच्या बेतातलं पॅनेल किती वेळा असतं, हे मी जवळून बघतो.

बांधावरचा
वकीलसाहेब, सहकार न्यायालयात पुरावा, उलटतपासणी, मग अपील. मंडळाची मुदत पाच वर्षं. दावा जिंकेपर्यंत पुढची निवडणूक लागलेली असते. शिवाय विचारणार, तुमच्या एका मताने निकाल बदलला असता का? एकट्याने हे कसं सिद्ध करायचं? माझा हक्क मत टाकण्याचा आहे, निकाल बदलण्याचा नाही.

निवृत्त सचिव
क्रियाशील सभासदाची अट मला मान्य आहे, हे आधीच सांगतो. सहकारी संस्थांविषयीच्या ९७ व्या घटनादुरुस्तीमागोमाग २०१३ साली ती राज्याच्या कायद्यात आली. २०२१ साली सुप्रीम कोर्टाने त्या दुरुस्तीतला सहकाराचा भाग बहुराज्यीय संस्थांपुरताच ठेवला, आणि पुढे २०२२-२३ मध्ये राज्यानेही अटीत फेरफार केले. पण तिच्यामागचा विचार बरोबर होता. शेअर घेऊन शहरात राहणारा, उसाचं एक टिपरूही न घालणारा माणूस मतदानाच्या दिवशी जीपमधून येतो आणि रोज कारखान्याच्या भरवशावर जगणाऱ्याचं मत खोडून जातो. हे आम्ही वर्षानुवर्षं बघितलंय. गैरहजेरी माफ करायचा अधिकार सर्वसाधारण सभेला होताच की.

मुळाकाठची
सचिवसाहेब, दहा मिनिटांत गुंडाळलेली सभा कुणाची गैरहजेरी माफ करणार? आणि पात्रतेची एवढी काळजी असेल तर मयतांची नावं का राहतात? माझे सासरे वारले, वारस नोंदीचा अर्ज कागदपत्रांसकट दिला, पोच घेतली. यादीत नाव सासऱ्यांचंच. बूथवर गेले तर त्यांच्या नावापुढे सही होऊन गेलेली. जिवंत सभासद अपात्र ठरतो आणि मेलेल्याचं मत पडतं, तिथे निकालानंतरच्या दाव्याचं काय करू मी?

काळाकोट
ताई, तोतया मतदान हा निवडणूक रद्द करून घेण्यासाठी भक्कम मुद्दा आहे. पोच आणि मृत्यूचा दाखला असेल तर दोन महिन्यांची मुदत चुकवू नका. पण रिट अर्जात, म्हणजे थेट हायकोर्टात केलेल्या अर्जात, पात्रतेचा वाद तपासताना हायकोर्टाकडे वजनकाट्याच्या पावत्या आणि हजेरीपुस्तकं चाळायला वेळ नसतो. जिल्हा बँकेच्या निवडणुकीत सोसायटीच्या वतीने कोण मत देणार हे तिच्या ठरावावरून ठरतं, तिथे एकाच सोसायटीचे दोन ठराव येतात, दोन वेगळे प्रतिनिधी, दोन्हींवर शिक्का. खरा कोणता, हे शपथपत्रांवर चार दिवसांत कसं ठरवणार?

निवृत्त सचिव
म्हणूनच यादीचं काम निवडणुकीच्या तोंडावर ठेवू नये. दरवर्षी ताळेबंदाबरोबर क्रियाशील-अक्रियाशील यादी गावोगावच्या गट कार्यालयात लावा. ज्याला अक्रियाशील ठरवलं त्याला पोस्टाने नोटीस द्या. नोटीस नसेल तर नाव काढता येणार नाही, असा नियमच करा. हरकत त्याच वर्षी सहकार खात्याच्या निबंधकाकडे जाईल, अपील करायलाही वेळ मिळेल.

काळाकोट
दरवर्षी यादी म्हणजे दरवर्षी खटले. निबंधक कार्यालयात आधीच फायलींचे ढीग आहेत.

बांधावरचा
असू देत खटले. नोटीस चार वर्षं आधी आली असती तर मी त्या हंगामात तोडीसाठी लेखी अर्ज दिला असता आणि त्याची पोच जपली असती. मला नाव गेल्याचं कळलं फलकावर लावलेल्या यादीवरून, हरकतीची मुदत संपायला दोन दिवस उरले असताना. निवडणूक थांबवू नका म्हणता, ठीक आहे. मग नोटीस न देता काढलेल्या माणसाला निदान मत टाकू द्या, ते पाकीट वेगळं सीलबंद ठेवा आणि मोजायचं की नाही ते कोर्ट ठरवेल. याला तुमची हरकत काय आहे, तेवढं सांगा.